धबधब्यात मारलेली हाक

श्रावणात आमच्या गॅलरीतून दिसणारा डोंगर धुक्यात बुडतो आणि मधूनच वर येतो. वर आला की त्याच्या अंगावर दोन-तीन पांढऱ्या रेघा दिसतात. ऐरोलीत इतकी वर्षं काढून मी त्या रेघांकडे कधी धड पाहिलं नव्हतं. गॅलरीत माझं काम कपडे वाळत घालायचं, आणि सर आली की पावसाला चार शब्द सुनावत ते काढायचं. त्या रेघा बघत बसायला लागले ते हे. हे म्हणजे माझे यजमान. सासूबाई हिवाळ्यात गेल्या, आणि तेव्हापासून ह्यांनी गॅलरीतल्या खुर्चीत जे ठाण मांडलं ते जेवणापुरतं उठायचं.

सासूबाईंचं वय झालं होतं. झोपेत गेल्या. येणारा-जाणारा प्रत्येक जण 'सोन्यासारखं मरण' म्हणाला, दिवसकार्य यथासांग झालं, रडणंही झालं. मला वाटलं, आता हळूहळू घर मार्गाला लागेल. पण ह्यांचं बोलणंच आटलं. भांडण नाही, रुसवा नाही. काही विचारलं तर 'हं' किंवा 'बघू'. ज्या माणसाने रबाळ्याच्या कारखान्यात मशीनच्या वरताण ओरडून जन्म काढला, ज्याचं घरातलं साधं 'चहा आण' खालच्या मजल्यावर ऐकू जायचं, त्याच्या घरात आता भिंतीवरचं घड्याळ ऐकू यायला लागलं. डॉक्टर म्हणाले, तब्येत ठणठणीत आहे, रिटायर माणसं होतात अशी. मला मात्र भीती वाटायची, सरळ सांगते. समोर बसलेला माणूस रोज थोडा थोडा उठून जातोय, आणि एक दिवस खुर्चीत नुसता शर्ट उरेल, असं काहीतरी मनात यायचं.

कुठे नेऊ म्हटलं तर नको. देऊळ नको, बारसं नको, लेकीकडे पुण्याला नको. "तू जा, मी बसतो." एवढं एकच वाक्य त्यांच्याकडे शिल्लक राहिलं होतं.

म्हणून सोसायटीच्या ग्रुपवर 'चढता येणारा धबधबा, अर्धा दिवस, गाइड आणि नाश्त्यासह' असं वाचलं तेव्हा मी ह्यांना विचारलंच नाही. दोघांचे पैसे भरून मोकळी झाले. "पैसे परत मिळत नाहीत," म्हटलं. मध्यमवर्गीय माणसाला घराबाहेर काढायला ह्याहून रामबाण उपाय नाही. सकाळी हे मुकाट्याने बूट घालून तयार होते.

मिनीबस निघाली तेव्हा गाडीतले अर्धे लोक झोपेत होते आणि उरलेले झोपेच्या काठावर. मीही डोळे मिटले की उघडले ते आता सांगता येणार नाही. रबाळ्याच्या कारखान्यांच्या चिमण्या ओल्या होऊन उभ्या होत्या. ह्यांनी आपल्या कारखान्याच्या गेटकडे मान वळवून पाहिलं. मग खाडी आली, तिच्यावर आभाळ इतकं खाली उतरलेलं की पाणी कुठे संपतं ते कळेना. उरणच्या रस्त्याला कंटेनरची रांग लागली, लाल, निळे, गंजके, मैलभर. त्यांच्या टपांवर बगळे बसलेले. ऊन यायचं, जायचं. एकदा ऊन आणि पाऊस दोन्ही एकदम आले आणि सगळी गाडी पिवळी झाली. मला वाटलं, ही गाडी अशीच चालत राहावी, कुठे पोचू नये. मग डोंगर रस्त्याच्या अगदी जवळ आला आणि गाडी थांबली.

गाइड म्हणजे एखादा दाढीवाला तरुण असेल असं मी धरून चालले होते. निघाली चाळिशीतली बाई, डोंगराखालच्याच गावची, ट्रॅक पँटवर कुर्ता, त्यावर नारिंगी जॅकेट आणि गळ्यात मंगळसूत्र. सोबत तिची नणंद. दोघींनी आधी आम्हाला त्यांच्या घराच्या ओसरीवर बसवून तांदळाची भाकरी आणि वालाचं बिरडं वाढलं. बिरडं इतकं चांगलं होतं की मी धबधबा विसरून वाटी पुढे केली. "काकू, बस झाला," ती म्हणाली, "वर चढायचा हाय. पोट घेऊन कशा चढाल?" हे गालात हसल्यासारखे वाटले. मी लगेच बघितलं, पण तोवर संपलं होतं.

धबधबा उंचावरून कोसळणारा नव्हता. जिन्यासारखा टप्प्याटप्प्याने उतरत होता; मध्ये मध्ये गुडघाभर पाण्याची डबकी, आणि सगळ्या टप्प्यांवरून एकच पांढरं लुगडं पसरल्यासारखं पाणी. आवाज मात्र मोठा. कानात शिरला की बाकीचं जग बंदच झालं.

गाइडने खालीच नियम सांगितला. "पानी बोलतंय तिथं आपला काय ऐकू येत नाय. ए, अरे, हॅलो, सगला वाहून जातंय. मानसाला गोंगाटात आपला नाव तेवढा ऐकू येतो. म्हनून जोड्या करा. पुढच्यानं टप्प्यावर पाय टेकला की मागच्याला नावानं हाक मारायची. त्यानं ओ दिली की मंगच त्यानं चढायचं. हाक नाय, तर चढायचं नाय. नायतर एकाच दगडावर दोघं येतात न् दोघं पडतात."

नियम चोख होता. मी पुढे, हे मागे, असं ठरलं. ओढणारी मी असल्यामुळे दुसरं काही शक्यच नव्हतं.

पहिला टप्पा चढले. वळले. हे खाली पाण्यात उभे. मी तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. संसाराला तीसच्या वर वर्षं झाली, ह्यांना मी कधी नावाने हाक मारली नव्हती. आता आमची लेक तिच्या नवऱ्याला अरे-तुरे करते आणि मला त्याचं काही वाटत नाही. पण माझ्या तोंडाला ते वळण नव्हतं. दवाखान्यात पेशंटचं नाव विचारलं की मी फाइल पुढे करते. उखाण्यात घेतलंय, नाही असं नाही. पण तिथे नावाच्या आधी चांदीचं ताट, महादेवाची पिंड, असं काहीतरी धरायला असतं. इथे नुसता ओला दगड.

मी जीव खाऊन ओरडले, "अहो!"

खालच्या तीन पुरुषांनी एकदम वर पाहिलं. त्यातल्या एकाने आपल्यालाच बोलावलंय म्हणून पाय उचलला आणि तो धप्पकन डबक्यात बसला. त्याच्या बायकोने माझ्याकडे असं पाहिलं, जसा काही मी त्याला डोळाच मारला होता.

"काकू, अहो कोन?" गाइड पलीकडच्या दगडावरून ओरडली. "इथं सगलेच अहो हायेत!"

मग मी लेकीचं नाव घेऊन 'अमकीचे बाबा' अशी हाक मारली. कुठल्याशा कंपनीतली पोरं आमच्याच गटात होती, त्यांत त्या नावाची एक पोरगी होती. तिने "काय काकू?" म्हणून हात वर केला. आता मात्र सगळे खो-खो हसायला लागले. मी पाण्यातही लाल झाले असेन. गाइड जवळ आली आणि माझ्या कानाशी म्हणाली, "आमचे गावान पन बायका नवऱ्याचा नाव नाय घेत. मी पन नाय घेत. पन पानी काय तुमचा सासरा हाय?"

शेवटी तडजोड झाली. खालच्या टप्प्यांवर मी हात करायचा, हे चढणार. "मधल्या टप्प्याला हे चालनार नाय हां," तिने बजावलं. "तिथं दिसतच नाय."

तसे आम्ही चढलो. हात केला की हे यायचे, खाली मान घालून, पावलापुरतं बघत. पाणी पोटऱ्यांना ढकलत होतं, थंड होतं आणि थोड्या वेळाने थंड वाटेनासं झालं. दगडावरचं शेवाळं मांजराच्या पाठीसारखं मऊ लागत होतं. वर झाडं एकमेकांत मिसळलेली, उजेड हिरवा, आणि त्या हिरव्यात कंपनीतली पोरं, त्यांच्या रंगीत टोप्या, सगळं हळूहळू हलणारं. माझं वय, गुडघे, गॅसवर ठेवून आलेलं दूध बंद केलं की नाही, सगळं त्या आवाजात विरघळलं. स्वप्नात आपण चालतो आणि पाय जमिनीला लागत नाहीत, तसं चाललं होतं.

मधल्या टप्प्यावर पाणी पडद्यासारखं पडत होतं. मी त्यातून आरपार वर गेले, वळले, आणि खाली नुसतं पांढरं. हात केला. पांढऱ्यात हात केला. कोणी आलं नाही. मग वाऱ्याने तुषार जरा बाजूला झाले आणि मला हे दिसले. चढायच्या जागेपासून बाजूला झाले होते. कडेच्या एका दगडावर बसले होते, पाठ माझ्याकडे करून, खाली दरीकडे बघत. त्यांच्या मागची माणसं पुढे निघून येत होती. गाइडची नणंद त्यांना काहीतरी विचारत होती; ह्यांनी तिच्याकडे मान वळवली आणि ओठ हलले. इतक्या लांबून, इतक्या आवाजात, मला ते वाक्य कळलं. तिला जाऊ दे, मी बसतो.

गॅलरीतली ती खुर्ची आमच्या आधी इथेही येऊन पोचली होती. आत्ता हे इथे बसले तर पुढे सगळीकडेच बसतील, हे मला अगदी स्पष्ट कळलं.

मी नाव घेतलं. पहिल्यांदा ते ओठांतच राहिलं, पाण्याने नेलं. मग छातीत हवा भरली आणि हाक मारली. नुसतं नाव, राव नाही, अहो नाही, आडनाव नाही. आणि ती हाक बाहेर पडली ती माझ्या चालीत नव्हतीच. ते नाव आमच्या घरात मी आयुष्यभर एकाच माणसाच्या तोंडून ऐकलं होतं, स्वयंपाकघरातून, शेवटचं अक्षर लांबवून, जरा रागावल्यासारखं. दुसरी चाल मला येत नव्हती.

हे ताडकन उठले. "ओ!" असा आवाज आला, कारखान्यातला, सगळ्या धबधब्याला पुरून उरणारा. "आलो, आलो!"

कसे चढले ते कळलं नाही. पडद्यातून बाहेर आले आणि माझ्यासमोर उभे राहिले. तोंडावरून पाणी वाहत होतं, आणि ते सगळं धबधब्याचं नव्हतं. मी त्यांचा हात धरला.

"आई गेल्यापासून कुणी बोलावलंच नव्हतं गं," ते म्हणाले.

मी मनातल्या मनात शोधलं. बाबा, काका, भाऊजी, साहेब, अहो. ह्यांचे थोरले भाऊ आधीच गेलेले, मामा-काकाही गेले. खरंच, नावाने हाक मारणारं कोणी उरलंच नव्हतं, आणि मी त्याच घरात होते. गाइड खालून ओरडत होती, "काकू, रस्ता अडवू नका, सरका पुढं!" म्हणून मी डोळे पुसले आणि पुढचा टप्पा चढले.

तिथे पाणी पातळ होतं, उजेड स्वच्छ पडला होता. मी वळून हात केला. हे मला दिसत होते, मी त्यांना दिसत होते. तरी त्यांनी पाय उचलला नाही. गुडघाभर पाण्यात तसेच उभे राहिले, वर तोंड करून, वाट बघत.

मी हाक मारली.