खालचा सूर

मंगळवार पेठेत पिराजीचं घर पिराजी म्हणून विचारलं तर सापडायचं नाही. शिट्टीवाले मामा म्हटलं की कुणीही बोळात बोट करायचं. गडी उमेदीची सगळी वर्षं नौदलात काढून आलेला, बंदरं बघितलेला, पण पेठेनं लक्षात ठेवलं ते एवढंच. लग्न असो, बारसं असो, तालमीचा कार्यक्रम असो, पिराजी खिशातून एक वाकडी पितळी शिट्टी काढायचा. बारीक नळी आणि टोकाला पोकळ गोळी. ती तळहातात धरून तो दारातून आत येणाऱ्या पाहुण्यासाठी वाजवायचा. सूर खालून उठायचा, वर चढून थरथरत उभा राहायचा आणि पुन्हा खाली उतरायचा.

"ह्येला पायपिंग द साइड म्हणत्यात," तो सांगायचा. "कप्तान जहाजावर चढला की वाजवायची, उतरला की वाजवायची. आणि जहाजावर कोण मेलाच, तर त्येला उतरवताना बी हीच."

त्याच्या बायकोला, शालूबाईला, त्या शिट्टीचा मनापासून राग होता. नवरा समुद्रावर साहेबांसाठी शिट्ट्या मारत होता तेव्हा ती पहाटे उठून म्हशींच्या धारा काढत होती, दूध घालत होती, सासू-सासऱ्यांचं बघत होती. तिकडं म्हणे शिट्टी वाजली की माणसं ताठ उभी राहायची. इकडं वैरण टाकायला कुणी उठत नव्हतं. एवढ्या वर्षांच्या धारांनी तिच्या बोटांचे सांधे सुजून बसले होते. मूठ अर्धीच मिटायची. नवरा रिटायर होऊन घरी आला, म्हशी विकल्या, पण बोटं काही परत आली नाहीत. तेव्हा पाहुण्यांपुढं शिट्टी निघाली की ती भांडी आपटायला आत जायची.

एका दिवाळीनंतर पिराजीला झटका आला. उजवी बाजू गेली, तोंड वाकडं झालं आणि वाचा बसली. एकच शब्द तोंडात राहिला, व्हय. पाणी पायजे? व्हय. नको? व्हय. दुखतंय का? व्हय. कुठं, हितं का तितं? व्हय. आयुष्यभर ज्याच्याशी कडाकडा भांडली त्या माणसाशी आता भांडताही येईना. शालूबाई चुलीपुढं बसून रडायची आणि डोळे पुसून परत विचारायची, चहा घ्यायचा का? व्हय.

डॉक्टर म्हणाले, आठवड्याला दवाखान्यात आणून व्यायाम करून घ्या, नाहीतर उरलेली ताकद पण जाईल. सांगायला काय जातंय. नवरा-बायको राहायची माडीवर. खालचा मजला पुतण्याच्या वाटणीचा, तिथं त्याची पिठाची गिरणी. आणि माडीचा जिना असा उभा की धडधाकट माणसानंही आडवं होऊन उतरावं. मग तालमीतला अमरसिंह तीन पोरं घेऊन यायचा. मानेचा आणि आवाजाचा दांडगा, मनाचा मऊ. पिराजीला लाकडी खुर्चीत बसवायचे, दोघं वर, दोघं खाली. वरचे म्हणायचे थांब, खालचे म्हणायचे घे, आणि अमरसिंह सगळ्यांवर ओरडायचा. खुर्ची मध्ये आल्यावर एकमेकांची तोंडंही दिसत नव्हती. एकदा वळणावर खुर्ची कलंडली. पिराजी कठड्यावरून अर्धा बाहेर लोंबकळला. लागलं काही नाही, पण त्या दिवसापासून तो भ्याला.

खुर्ची दिसली की त्याचा डावा हात दाराची चौकट धरायचा. तेवढा एकच हात चालत होता, आणि त्यात अजून दोरखंड ओढणाऱ्याचा जोर होता. शालूबाईला तो बोट-बोट करून सोडवावा लागायचा. तो तिच्याकडं बघत राहायचा आणि व्हय, व्हय म्हणायचा. नवऱ्याच्या आजारपणातलं दुसरं सगळं तिनं केलं, न किळसता केलं. ही बोटं सोडवणं मात्र तिला सोसत नव्हतं.

त्यातच त्याचं नवीन सुरू झालं. पोरं यायची वेळ झाली की तो कोनाड्याकडं हात करायचा. कोनाड्यात शिट्टी होती.

"आता कुणाला वाजवून दावताय?" शालूबाई म्हणायची.

"व्हय."

अमरसिंहाच्या ध्यानात मात्र लगेच आलं. निदान त्याला तसं वाटलं. "मामी, मामास्नी मान पायजे. जलमभर दुसऱ्याला सलामी दिली, आता आपुन त्यास्नी देऊ की." पुढच्या खेपेला पोरं फेटे बांधून आली. जिन्याच्या दोन्ही बाजूंना उभी राहून सॅल्यूट ठोकू लागली. अमरसिंहानं शिट्टी स्वतः धुऊन, पुसून पिराजीच्या तोंडात दिली. वाकड्या ओठांतून वारा निघून गेला आणि लाळ शर्टावर उतरली. पिराजी डावा हात खुर्चीवर आपटत राहिला. व्हय, व्हय, व्हय. डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. कुणीतरी फोटो काढला, खाली 'अभिमानाचे अश्रू' असं लिहून ग्रुपवर टाकला. मग त्याला नेहमीसारखं घे-थांब करत खाली नेलं. पोरांचं चुकलं म्हणावं तर त्यांच्याइतकं प्रेमानं कुणी काही केलं नव्हतं.

तो फोटो फिरत फिरत कबनूरला महावीरकडं गेला. हा पिराजीचा जहाजावरचा जोडीदार, इंजिनातला. आता मुलं यंत्रमाग बघतात आणि हा बसस्टँडवर वर्तमानपत्र वाचतो. तो दुसऱ्या दिवशी एसटीनं आला. पिराजीपाशी बसला, त्याचा डावा हात मांडीवर घेतला. शालूबाईनं जिन्याचं, चौकटीचं, शिट्टीचं सगळं सांगितलं. महावीर ऐकत होता. मग त्यानं मित्राला विचारलं, "पिरा, खुर्ची हाय आणि काठावर मानूस न्हाय, आसं व्हय?"

"व्हय," पिराजी म्हणाला, आणि हात कोनाड्याकडं न करता गप पडून राहिला. एवढ्या महिन्यांत ते पहिलं खरं व्हय होतं.

"वहिनी, त्यो सलामी मागत न्हाय," महावीर म्हणाला. "सलामी लई मागनं आली. आदी शिडाची जहाजं हुती. दुसऱ्या जहाजावरचा कप्तान होडीतनं यायचा. दर्या खवळल्याला, आणि म्हाताऱ्याला दोराची शिडी चढायला जमत न्हाय. मग त्येला खुर्चीत बसवायचं आणि दोरानं वर वडायचं. वडणाऱ्यास्नी त्यो दिसत न्हाय, मधी जहाजाचा काठ. म्हणून एकजण काठावर हुबा ऱ्हाऊन शिट्टीवर सांगणार. सूर वर गेला की वडा, खाली आला की सोडा. साहेब जेवढा मोठा तेवढा जड, म्हणून वडायला माणसं जास्ती. आता त्येच मान म्हणून दोन बाजूला हुबी करत्यात. खुर्ची गेली आणि शिट्टी ऱ्हायली. ह्यो नव्या पोरास्नी पयला ह्येच शिकवायचा. म्हणायचा, मान बिन नंतर, अडल्याल्या माणसाला उचलायचं काम हाय हे."

शालूबाई त्या वाकड्या तोंडाकडं बघत बसली. हे आपल्याला कधी सांगितलंच नाही, की सांगितलं तेव्हा आपण भांडी आपटत होतो, ते तिला आठवेना.

"मग तुमी वाजवा की," ती म्हणाली.

"मी इंजिनवाला. मला तेल कळतंय, सूर न्हाय."

पोरांचे हात खुर्चीला. जिन्याच्या तोंडाशी मोकळी उभी असायची ती एकटी शालूबाई. तेव्हा शिट्टी तिच्या हातात आली. पिराजी डाव्या हातानं दाखवायचा. तळहात उघडा ठेवून हळू फुंकलं की खालचा सूर. बोटं गोळीवर मिटून घेऊन जोरात फुंकलं की वरचा. पहिले दिवस नुसती थुंकी आणि वारा. खालून पुतण्या ओरडायचा, "काकू, कुत्री गोळा व्हायला लागली की!" मग एका दुपारी खालचा सूर आला, सरळ आणि स्वच्छ. पिराजीच्या तोंडाची चालती बाजू हसली.

वरचा आला नाही. त्याला मूठ मिटायला लागते आणि तिची मूठ म्हशींनी नेली होती. पिराजी आपल्या हातानं तिची बोटं दाबून मिटवायला बघायचा. ती कळवळली की तो सोडून द्यायचा आणि भिंतीकडं तोंड करायचा. तिनं गरम पाण्यात मीठ घालून हात बुडवले, एरंडेल चोळलं. अमरसिंह म्हणाला, मी शिकतो, पण मग खुर्चीचं एक टोक कोण धरणार? त्याच्या जोराचा दुसरा नव्हता.

तरी उतरायचं काम झालं. शालूबाई वर उभी राहून एका पायरीला एक सूर द्यायची आणि चौघं एकदम एक पायरी खाली. ना घे, ना थांब. पहिल्याच दिवशी पिराजीचा हात आपण होऊन चौकटीवरून निघाला. पोरांच्या पायांत तो सूर असा भिनला की ती पुढं पुढं गप्पा मारत उतरायची. येताना मात्र पहिले पाढे पंचावन्न. वर चढवायला सूर नव्हता. खालचाच वाजवून बघितला तर पोरं जिन्यातच घोटाळून थांबली. त्यामुळं पिराजी उतरताना कप्तान असायचा आणि चढताना पोतं. वर पोचेपर्यंत त्याचे डोळे मिटलेले असायचे आणि शालूबाई मुठीत शिट्टी धरून, म्हणजे जेवढी मिटेल तेवढ्या मुठीत धरून, पायरी पायरी मागं चालायची.

पुढच्या थंडीत त्याच्या छातीत कफ झाला. ताप उतरेना. अॅम्ब्युलन्स बोळाच्या तोंडाशी आली. त्या दिवशी त्यानं चौकट धरलीच नाही, तिचं मनगट धरलं, आणि तिनं शिट्टी तोंडात घेतल्यावर सोडलं. ती सूर देत गेली, पोरं उतरत गेली. असं अलगद त्याला कधीच कुणी उतरवलं नव्हतं. वर न्यायची वेळ परत आली नाही.

दवाखान्यातून आणला तो गिरणीपुढंच ठेवला. पुतण्यानं गिरणी बंद केली. पेठ जमली, महावीर आला. तिरडी बांधून झाली आणि अमरसिंहासकट त्याच चौघांनी ती खांद्यावर घेतली. महावीर गिरणीच्या दाराशी उभ्या शालूबाईजवळ आला. "वहिनी, शेवटचं पायपिंग द साइड हाय," तो हळू म्हणाला. "वाजवून जाऊ द्या."

तिनं पदराखालून शिट्टी काढली. तोंड कोरडं पडलं होतं, पण सूर आला. इतका चांगला तो आधी कधी आला नव्हता. खाली, लांब, न हलता.

आणि चौघांचे गुडघे वाकले. त्यांनी काही ठरवलं नव्हतं, पायांना तेवढंच ठाऊक होतं. तिरडी एकसारखी खाली आली आणि जमिनीला टेकली. कुणी हसलं नाही.

अमरसिंह वाकलेलाच राहिला. त्यानं मान वर केली. "मामी, खाली न्हाय. वर घ्यायला सांगा."

तिनं बोटं मिटायला बघितली. फुंकलं. नुसता वारा आला. दुसऱ्या हातानं बोटं दाबून धरली, पुन्हा फुंकलं.

"मला तेवढंच येतंय रं बाबा," ती म्हणाली. "खाली ठेवायचंच येतंय. न्यायचं न्हाय येत."

महावीरनं डोक्यावरची टोपी काढली. मग अमरसिंहानं पूर्वीसारखं ओरडून 'उचला' म्हटलं. एकजण म्हणाला थांब, एकजण म्हणाला घे. तिरडी एका अंगाला कलली, सावरली आणि बोळातून बाहेर पडली. शालूबाईनं गिरणीच्या दाराची चौकट धरली होती. बायकांनी तिचा हात बोट-बोट करून सोडवला.