चाळिसाव्या हिस्स्याचा घोडा

सेवेतल्या बहुतेक प्रकरणांचे तपशील आता कागद पुढे असल्याशिवाय मला सांगता येत नाहीत. एक प्रकरण त्याला अपवाद आहे. त्यातले सगळे आठवते, घमेल्याच्या आवाजासकट.

त्या वेळी मी केज भागातल्या एका पोलीस ठाण्याचा प्रभारी अधिकारी होतो. निवृत्तीला दोन वर्षे उरली होती. धारूरकडे जाताना जिथून डोंगर सुरू होतो, तिथल्या उतारावर बाहेरगावच्या एका माणसाने जमीन भाड्याने घेतली. पांढरे लाकडी कुंपण घातले, तबेला बांधला आणि आत तीन घोडे आणून ठेवले. हा माणूस स्वतःला गुंतवणूक सल्लागार म्हणवत असे. उद्घाटनाला त्याने मला बोलावले. आमच्याकडे व्यायामशाळा असो की मोबाइलचे दुकान, फीत कापायला ठाण्याचा साहेब लागतो. मी कसलीही चौकशी न करता गेलो, फीत कापली आणि शाल घेऊन पहिल्या रांगेत बसलो.

वातानुकूलित मंडपात मोठ्या पडद्यावर तासभर चित्रे दाखवण्यात आली. जगातले अतिश्रीमंत लोक कसे राहतात आणि पैसा कुठे ठेवतात, हा विषय होता. कुणाचे स्वतःचे बेट, कुणाचे पाच मजली जहाज. विमानतळाशेजारच्या गोदामात कुलपात ठेवलेली चित्रे, जी मालकाने स्वतःही वर्षानुवर्षे पाहिलेली नसतात. दारूच्या बाटल्या, ज्या प्यायच्या नसतात, फक्त जुन्या होऊ द्यायच्या असतात. सोन्याचे नळ असलेले विमान पडद्यावर आले तेव्हा माझ्या मागे बसलेला आमचा हवालदार शेजाऱ्याला म्हणाला, "नळ सोन्याचा हाय, पण पाणी किती दिवसाआड येतंय, ते सांगंना की ह्यो."

मंडप हसला. सल्लागारही हसला. मग म्हणाला, "साधा माणूस पैसा बँकेत ठेवतो. श्रीमंत माणूस अशी वस्तू घेतो, जी दुसऱ्याला मिळत नाही."

ती वस्तू म्हणजे बाहेर उभा असलेला काळा घोडा. इंग्लंडमधल्या शर्यतीच्या घराण्यातला, वय चार वर्षे, भाऊ दुबईत धावतो, अशी माहिती देण्यात आली. घोड्याचे चाळीस हिस्से केले होते. हिस्सा हवा असेल त्याची आधी मुलाखत होणार आणि निवडक लोकांनाच घेतले जाणार होते. घोडा दुबईत विकला की सहा महिन्यांत दुप्पट रक्कम मिळणार होती. सभासदांना तीन अटी होत्या. गुंतवणुकीबद्दल कुठे बोलायचे नाही, कारण श्रीमंत लोक बोलत नाहीत. न कळवता घोडा पाहायला यायचे नाही. आणि घोड्याजवळ गोंगाट करायचा नाही. कुंपणावर 'शांतता राखा' अशी पाटीच होती.

चार महिने माझा त्या जागेशी काही संबंध आला नाही.

पुढे एके दिवशी सकाळी ठाण्याच्या आवारात, लिंबाखाली, एक म्हातारा मेंढपाळ बसलेला दिसला. डोक्याला लाल पटका, हातात काठी. ठाणे अंमलदाराने विचारले तर म्हणाला, "सायबालाच सांगायचं हाय." मला बंदोबस्ताचे नियोजन करायचे होते. मी त्याला नंतर यायला सांगितले. दुसऱ्या दिवशी तो परत आला. मी गाडीत बसता बसता विचारले, मेंढरे हरवलीत का? तो न्हाई म्हणाला. मग उद्या या, असे म्हणून मी निघालो. तिसऱ्या दिवशी तो पुन्हा लिंबाखाली होता. हवालदाराने त्याला माझ्यासमोर आणले.

"बोला मामा, कावून आलाव?" हवालदाराने विचारले.

"त्यो काळा घोडा इंग्लंडचा न्हाई," म्हातारा म्हणाला.

"तुमाला काय ठाऊक? तुमी इंग्लंडला गेलताव का?"

"म्या न्हाई गेलतो. त्यो बी न्हाई गेलता." म्हातारा माझ्याकडे वळला. "सायेब, त्यो नवरदेवाचा घोडा हाय. माज्या पुतण्याच्या वरातीत त्योच व्हता. कपाळावर पांढरा टिळा हाय, त्यो काळा रंगवलाय. मुळाशी पांढरी केसं निघाल्याती. म्या रोज कुंपणाला लागून मेंढरं चारतो, मला दिसतंय. वय म्हणाल तर चवदाच्या म्होरं असंल."

लग्नाच्या वरातीत नाचणारे घोडे आमच्या भागात नवे नाहीत. पण एका मेंढपाळाच्या नजरेवर मी गुन्हा दाखल करू शकत नव्हतो. तुमचे काही पैसे गुंतलेत का, असे मी विचारले.

"माजं काय गुततंय! बाईचं गुतलंय. त्या माजी पोरगी दहावी व्हईस्तोवर तिला घरी बोलवून शिकवायच्या, फुकट. परवा कुंपणापाशी आल्या व्हत्या. मला म्हणल्या, बाबा, माझं सगळं या घोड्यावर हाय. तवापसून घास गोड लागंना."

या बाई म्हणजे मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झालेल्या एक शिक्षिका. त्यांच्या कुटुंबाने सुमारे सत्तर वर्षांपूर्वी, आजोबांच्या पिढीत, बौद्ध धम्म स्वीकारला होता आणि घरातल्या प्रत्येक मुलीने शिकायचे हा त्या घराचा नियम होता. विहाराशेजारी मुलींसाठी अभ्यासिका बांधायची, म्हणून त्यांनी निवृत्तीची रक्कम राखून ठेवली होती. जागा घेतली होती, पायाही खोदला होता. बांधकाम दोन मजली व्हावे म्हणून त्यांनी ती सगळी रक्कम घोड्यात घातली.

त्या दिवशी गुरुवार होता. मी आधी इकडून तिकडून नावे काढून आणखी पाच सभासदांना भेटलो. दोघांनी आपण त्या माणसाला ओळखतच नाही असे सांगितले. एका डॉक्टरांनी चहा पाजला आणि विषय पावसावर नेला. न बोलण्याची अट सगळे पाळत होते, कारण ती पाळताना त्यांना आपणही श्रीमंतांपैकी झाल्यासारखे वाटत होते. फिर्यादीशिवाय मला बँकेचे खाते गोठवता येत नव्हते.

शेवटी बाईंकडे गेलो. त्यांनी माझे सगळे ऐकून घेतले आणि कपाटातून माहितीपुस्तिका काढून माझ्यापुढे ठेवली. पहिल्याच पानावर मी होतो, हातात कात्री घेऊन.

"मी त्या माणसावर विश्वास ठेवला नाही साहेब," त्या म्हणाल्या. "यावर ठेवला."

मी पुस्तिका मिटली. त्याच पुढे म्हणाल्या, "पण उद्या घोडा खरा निघाला तर एका माणसाची बदनामी माझ्या सहीने होईल. आधी खात्री करा. मग मी सही करते."

सायंकाळी सल्लागाराला ठाण्यात बोलावले. इस्त्रीचा शर्ट, हातात फाइल, चेहऱ्यावर जरासुद्धा घाम नाही. घोड्याचा आयात परवाना, विम्याचा कागद, वंशावळ, सगळे तयार होते. दोन तास मी प्रश्न फिरवून फिरवून विचारले. त्याचे एकही उत्तर बदलले नाही. उलट तोच मला समजावू लागला की मोठे लोक शर्यतीचे घोडे नफ्यासाठी घेत नाहीत, ओळखीसाठी घेतात. घोड्यांच्या निमित्ताने ते एकमेकांना भेटतात आणि खरे व्यवहार तिथे ठरतात. हे बोलताना त्याच्या आवाजात खोटेपणा नव्हता. मी गोंधळलो.

"पशुवैद्यकीय अधिकाऱ्यांकडून तपासून घेऊ," मी म्हणालो.

"जरूर घ्या. मी मात्र उद्या दुपारी विमानाने दुबईला निघतोय. खरेदीदार थांबलाय."

तालुक्याचे पशुवैद्यकीय अधिकारी सोमवारपर्यंत रजेवर होते, हे त्याला माझ्याआधी माहीत असावे. तो गेल्यावर हवालदार दारातच उभा राहिला. खाली बघत म्हणाला, "सायेब, माजाबी एक हिस्सा हाय. बायकोचं गंठण मोडलं. तुमी फीत कापली, मला वाटलं..."

लिंबाखाली म्हातारा अजून होता. मी स्वतः बाहेर गेलो आणि त्याच्याजवळ ओट्यावर बसलो. डॉक्टर सोमवारी येणार, माणूस उद्या जाणार, असे सांगितले. त्याने पटका सारखा केला.

"डॉक्टर कशाला पायजे? त्यानं 'शांतता राखा' लिवलंय ते कावून लिवलंय, सायेब?"

"कावून?"

"वाजलं की घोडा नाचंल. त्याला नाचल्याबिगर ऱ्हावायचं न्हाई. लहानपनापसूनची खोड हाय ती."

शुक्रवारी सकाळी आठ वाजता आम्ही उतारावर पोहोचलो. दोन पंच, हवालदार, बाई आणि म्हातारा बरोबर होते. फाटकावरच्या माणसाने अडवले. तेव्हा बाई पुढे झाल्या आणि त्यांनी आपले हिस्स्याचे प्रमाणपत्र दाखवले.

"माझा चाळिसावा हिस्सा आहे. माझा भाग मला बघायचाय."

म्हातारा मागून म्हणाला, "बाई, तुमच्या हिश्शाला शेपूट आलं का कान, त्ये इचारून घ्या आधी."

आवाज ऐकून सल्लागार बाहेर आला. प्रवासाची बॅग गाडीत ठेवलेली दिसत होती. तो शांतच होता. घोडा बाहेर आणायला त्याने सांगितले, फक्त लांब उभे राहा म्हणाला. घोडा देखणा होता, याबद्दल वाद नाही. मान ताठ, अंगावर तेज.

म्हाताऱ्याने तबेल्याच्या कडेला पडलेले शेणाचे घमेले उचलले, झटकले आणि पालथे घातले. सल्लागाराचे लक्ष तेव्हा तिकडे गेले. "अहो, ते खाली ठेवा. त्याला आवाज चालत नाही," तो म्हणाला, आणि त्या दिवशी पहिल्यांदा त्याचा आवाज चढला.

म्हाताऱ्याने काठी आडवी धरली आणि वरातीचा ठेका धरला.

घोड्याचे कान उभे राहिले. पुढचा उजवा पाय उचलला गेला, मग डावा. ठेका वाढला तशी मान वाकली, आणि इंग्लंडच्या शर्यतीचा तो घोडा बालाघाट डोंगराच्या उतारावर, नवरदेव पाठीवर असल्यासारखा, गोल फिरत नाचू लागला. हवालदार दोन्ही हातांत तोंड धरून हसत होता आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी येत होते. त्याचे पैसेच नाचत होते.

"बाई," म्हातारा वाजवता वाजवता ओरडला, "तुमचा हिस्सा कोंचा म्हणायचा?"

"पाय असतील, बाबा," बाई म्हणाल्या. "चांगले चाललेत."

मी पंचनाम्यात लिहिले: 'पंचांसमक्ष लोखंडी घमेल्यावर काठीने वाजविले असता सदर घोडा पुढील दोन्ही पाय आळीपाळीने उचलून तालावर नाचू लागला.' असे वाक्य मी आधी कधी लिहिले नव्हते. बाईंनी गाडीच्या बॉनेटवर कागद ठेवून फिर्यादीवर सही केली. दुसरी सही हवालदाराची. साडेनऊला गुन्हा नोंद झाला, बँक उघडली तेव्हा आमचे पत्र दारात होते, आणि खाते त्याच सकाळी गोठले. रकमेचा मोठा भाग अजून आत होता. सोमवारी पशुवैद्यकीय अधिकाऱ्यांनी दात पाहून वय पंधरा सांगितले.

कोठडीत सल्लागार मोकळेपणाने बोलला. मोठ्या शहरातल्या एका फार श्रीमंत घरात त्याने अकरा वर्षे गाडी चालवली होती.

"मागच्या सीटवर जे ऐकलं तेच मी इथे सांगितलं, साहेब. जहाजं, चित्रं, सगळं खरं आहे. खोटा फक्त घोडा."

"इतक्या जवळचा घोडा का घेतलास?"

"स्वस्त मिळाला. आणि वाटलं, मोटारीतून येणारी माणसं घोड्याकडे नाही, कुंपणाकडे बघतात." मग म्हणाला, "आमचे मालक घोडा घ्यायच्या आधी तीन डॉक्टर आणि दोन वकील पाठवायचे. इथं चार महिन्यांत कुणी त्याचं तोंड उघडून पाहिलं नाही."

हे वाक्य मी पुढे अनेक प्रशिक्षणांत सांगितले. श्रीमंतांचे जहाज आणि विमान लोकांना दिसते. वस्तू घेण्याआधी ते किती संशय घेतात ते दिसत नाही, आणि नक्कल नेहमी दिसणाऱ्या गोष्टीची होते. माझीही चूक त्याच जातीची होती. पांढऱ्या कुंपणातल्या माणसाला मी चौकशीशिवाय एक अख्खी सकाळ दिली. लिंबाखालच्या माणसाला दोन दिवस पाच मिनिटेही दिली नाहीत.

न्यायालयाच्या आदेशाने पैसे परत मिळायला दोन वर्षांहून अधिक काळ गेला, आणि पूर्ण मिळालेही नाहीत. अभ्यासिका एकमजली झाली. फीत कापायला बाईंनी मला बोलावले, तोवर मी निवृत्त झालो होतो. मी गेलो, पण कात्री म्हाताऱ्याच्या हातात दिली. त्याने ती उलटीसुलटी पाहून विचारले, "सायेब, ही खोली तपासली का तुमी?" मी हो म्हणालो. भिंती, छत, वायरिंग, सगळे मी आदल्या दिवशी पाहून आलो होतो. मग त्याने फीत कापली.

घोडा त्याच्या वरातवाल्या जुन्या मालकाने सुपुर्दनाम्यावर, म्हणजे न्यायालय मागेल तेव्हा हजर करण्याच्या अटीवर, नेला. तो काही वर्षे पुन्हा वरातीत दिसत असे, कपाळावर पांढरा टिळा घेऊन.

त्या प्रकरणासाठी मला प्रशस्तिपत्र मिळाले. त्यात मेंढपाळाचा उल्लेख नाही. तो तीन दिवस ठाण्यात येत होता, याची नोंद ठाण्याच्या डायरीतही नाही. ती मी घ्यायला हवी होती. उशिरा का होईना, कृतज्ञतेने ती इथे घेतो.

'मंगळवार, सकाळी दहा वाजता. एक वृद्ध मेंढपाळ इसम ठाण्यात हजर. स्वतःची कोणतीही तक्रार नाही. दुसऱ्यासाठी आला आहे. प्रभारी अधिकाऱ्याने न ऐकता त्यास नंतर येण्यास सांगितले. इसम बुधवारी व गुरुवारी पुन्हा हजर.'