सस्पेंड लोकांचा बाक

काम करणाऱ्या माणसाकडं किस्से नसतात, त्याला वेळच कुठंय? किस्से पाहिजेत तर सस्पेंड माणसाजवळ बसा. बीडमध्ये माझं झेरॉक्सचं दुकान आहे, सरकारी ऑफिसच्या बरोबर समोर. सस्पेंड झालेल्यांनी रोज ऑफिसात येऊन सही करायची, काम मात्र करायचं नाही, असा इथला नियम. सही झाली की सगळे दिवसभर माझ्या दुकानापुढच्या बाकावर!

त्यात माझे सख्खे मामा, अंकुशराव ग्रामसेवक, सगळ्यात सीनियर. एका गावातली पाण्याची टाकी गळली म्हणून सस्पेंड झाले, त्याला बरीच वर्षं झाली. चौकशी चालूच. आता रिटायरमेंट जवळ आलीय. मामांचं एकच म्हणणं, "भाच्या, एक दिवस का हुईना, खुर्चीत बसून रिटायर व्हायचंय. सस्पेंड माणसाला निरोपाचा हार कोण घालतंय?"

*

नांदूरघाटकडचा एक तरणा ग्रामसेवक नवीन सस्पेंड होऊन आला आणि थेट सावलीत बसला.

मामा म्हणले, "उठ बे. सावली जुन्या लोकांची हाय. तू तिकडं उन्हात."

तो म्हणला, "मामा, मी आठवड्यात परत जाणार हाय. साहेबांनी शब्द दिलाय."

बाकावरचे इतके हसले की पलीकडचा चहावाला बघायला आला. मग मामांनीच त्याला चहा पाजला. ते पोरगं आता अर्धं सावलीत आलंय.

*

सस्पेंड असताना दुसरं कामही करता येत नाही. बाकावर एक गुरुजी आहेत, शाळेतून सस्पेंड झालेले. एकदा माझ्याकडं लई गर्दी होती, म्हणून त्यांनी उठून एका गिऱ्हाईकाला कागद दिला.

मामा ओरडले, "गुरुजी, हात काढा! दुसरी नोकरी धरली म्हणून आणखी एक चौकशी लागंल."

"अहो, कागद उलटा होता, सरळ केला फक्त."

"सरळ करायच्या भानगडीतच समदे हितं आलेत."

*

याच गुरुजींच्या भावाचं लग्न चौसाळ्याला. गाव सोडायला परवानगी लागते, म्हणून ते साहेबांकडं गेले.

साहेब म्हणले, "कामावर नसलेल्या माणसाला रजा कशी देऊ?"

"मग तसाच जाऊ का?"

"तसं गेलात तर गैरहजर."

"साहेब, पण हजर राहून मी करतो काय?"

"सही."

*

मामांची चौकशी ज्या अधिकाऱ्याकडं होती, ते कायम घाईत. मामा सांगायला लागले की म्हणायचे, "थोडक्यात सांगा, मीटिंग हाय."

आणि एक दिवस तेच साहेब कुठल्यातरी वेगळ्या भानगडीत सस्पेंड होऊन आमच्या बाकापुढं उभे. कुणी टोमणा मारला नाही. मामा सरकले, डबा उघडला, अर्धी भाकर त्यांच्या हातावर ठेवली.

दोन-चार दिवसांनी साहेब कंटाळले. "अंकुशराव, नेमकं काय झालतं ओ तुमचं?"

मामांनी संध्याकाळपर्यंत सांगितलं.

"म्हणजे टाकी बांधली तवा तुमी त्या गावात न्हवताच?"

"न्हवतो. गळायला लागल्यावर माझी तिथं बदली झाली."

"मग आधी कावून न्हाई सांगितलं?"

"तुमी थोडक्यात मागत होता."

साहेबांनी सगळ्यांसमोर शब्द दिला, परत गेलो की पहिला अहवाल तुमचा. आणि खरंच, त्यांना लवकर कामावर घेतलं. पेढे घेऊन ते बाकावर आले. मामा त्या दिवशी इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून बसलेले.

"साहेब, आमचं?"

साहेबांनी मान खाली घातली. "अंकुशराव, तुमच्या डब्यातली भाकर खाल्ली ओ मी. आता मीच अहवाल दिला तर लोक पक्षपात म्हणतील. नव्या अधिकाऱ्याकडं दिलंय. ते ऐकतील पहिल्यापासून."

गुरुजी चपलेकडं बघायला लागले.

मामांनी पेढा तोंडात टाकला, सावकाश खाल्ला, हात पुसले.

"मंग साहेब, एवढं करा. त्या नव्या साहेबांनाबी महिनाभर सस्पेंड करा."