माध्यान्हीचा घास

आमच्या अड्यारच्या घरी बाल्कनीच्या कोपऱ्यात, कुंड्यांच्या मागे, लाल फडक्याने तोंड बांधलेलं एक मडकं कित्येक दिवस होतं. येणाऱ्या-जाणाऱ्याला वाटायचं, झाडांचं खत असेल. ते माझ्या यजमानांच्या अस्थींचं मडकं होतं. म्हणजे देणाऱ्याने तसं सांगितलं होतं. माझा त्यावर विश्वास बसला नव्हता, म्हणून ते समुद्रात सोडवत नव्हतं आणि टाकवतही नव्हतं.

हे श्रीपेरुंबुदूरला गाड्यांच्या कारखान्यात होते. कोल्हापूरहून लग्न होऊन मी जी चेन्नईत आले ती इथलीच झाले. महामारीची दुसरी लाट आली तेव्हा यांना दवाखान्यात नेलं, ते पुन्हा दिसलेच नाहीत. तोंडसुद्धा पाहू दिलं नाही. दोन दिवसांनी स्मशानाच्या फाटकाशी बोलावलं. आत ओळीने मडकी मांडलेली. तोंड झाकलेल्या माणसाने एक मडकं उचललं, चिठ्ठी वाचली, खाली ठेवलं, आणि शेजारचं उचलून माझ्या हातात दिलं. झालं, एवढंच. पण ते पहिलं मडकं माझ्या डोळ्यांसमोरून कधी हललं नाही. भांडी घासताना, भाजी निवडताना, झोपेत, ते उचललं जायचं आणि खाली ठेवलं जायचं.

दहाव्याला भटजींनी फोनवरून सगळं सांगितलं. मी गच्चीवर पिंड मांडला. इथे कावळ्यांना काय तोटा? पण त्या दिवशी एकही कावळा शिवला नाही. कठड्यावर बसून बघत होते मेले. उन्हात भात वाळून कडक झाला. मी हात जोडून काय काय कबूल केलं, लेकीचं नीट बघेन म्हणाले, तुमची आई माझी आई म्हणाले. शेवटी भटजी म्हणाले, दर्भाचा कावळा करा आणि शिववा. केला. पण मनात पक्कं बसलं की राख यांची नव्हे, पिंड यांना पोचला नाही, आणि माझा माणूस कुठेतरी ताटकळत उभा आहे.

माझ्या माहेरी दत्ताची उपासना. महाराज भर दुपारी भिक्षेला बाहेर पडतात, कोणत्या रूपात येतील नेम नाही, म्हणून माध्यान्हीला दाराची कडी लावायची नाही आणि एक घास बाजूला काढूनच जेवायला बसायचं, हे आमच्या घरचं वळण. चेन्नईत आल्यावर दाराशी कोण येणार? शेजारच्या रुक्माबाईंनी मला वाट दाखवली. त्या तंजावरकडच्या, त्यांच्या मराठीला जुन्या पोथीचा वास. "कावळ्यास घातल्याविना आपण जेवू नये गे," म्हणाल्या. तेव्हापासून माझा घास कठड्यावर जायचा. हे सुट्टीच्या दिवशी भुकेले झाले की आतून ओरडायचे, "तुझे पाहुणे जेवले का? मग आता आम्हा गरिबांनाही वाढा!" ते गेल्यावर मी घास काढायचं सोडलं नाही, पण देवापुढचा दिवा बंद केला. तसबिरीसमोर उभी राहून म्हटलं, तुम्ही आधी सांगा, ते कुठे आहेत. मग दिवा लावते. भांडणच ते. असं भांडण माणसाने कोणाशी करावं, जवळच्याशीच ना?

लेक नोकरीसाठी म्युनिकला गेली आणि मागच्या भाद्रपदात मला घेऊन गेली. तिकडचं सगळंच मला झोपेत चालल्यासारखं वाटायचं. सकाळी धुकं, दुपारी कोवळं ऊन, रस्त्यात माणसं असून आवाज नाही. तिला सुट्टी नव्हती, म्हणून तिने मला राजवाड्याच्या सहलीत घालायचं ठरवलं. मी कॅलेंडर बघितलं तर नेमकी सर्वपित्री अमावास्या. म्हटलं, आज मेल्या माणसांचा दिवस, राजवाडे कसले बघायचे? त्याच सहलवाल्यांच्या पत्रकात दुसरं एक ठिकाण होतं, डाखाउची जुनी छळछावणी, आता स्मारक केलेली. लेक म्हणाली, "आई, तुला झेपणार नाही." मी म्हटलं, "झेपायचं ते झेपून झालंय गं माझं." आणि पहाटे उठून मूठभर दहीभात कालवला, काळे तीळ घातले, डबीत भरून पर्समध्ये टाकला. कावळे तिथेही असतीलच की.

आमचा दहा-पंधरा जणांचा घोळका होता. गाईड एक उंच मुलगी, हळू आवाजात इंग्रजी बोलणारी. फाटकाबाहेरच तिने सांगितलं, आत खाणंपिणं नाही. आत गेलो आणि धुक्यात सगळ्यांचे आवाज विरून गेले. पायाखाली फक्त खडी करकरत होती. लांबच लांब मोकळं मैदान, जिथे बराकी होत्या तिथे आता नुसते चौथरे, मधून उंच झाडांच्या दोन रांगा. ती मुलगी सांगत होती, कसे आणले, कसे राबवले, उपाशी ठेवून कसे मारले. ज्यू होते, सरकारविरुद्ध बोललेले होते, पाद्री होते, फिरस्ते होते. मी ऐकत होते आणि ऐकतही नव्हते. कुणीतरी मला धरून त्या झाडांखालून चालवतंय असं वाटत होतं.

मग प्रेतं जाळायच्या भट्टीची इमारत आली. विटांची, बुटकी. मागे झाडीत एक हिरवळीचा तुकडा, आणि त्याखाली असंख्य माणसांची एकत्र राख. कुणाची कोणती, कुणालाच ठाऊक नाही. माझं दुःख त्या दुःखाशेजारी ठेवायची माझी छाती नाही. यांना तापाने नेलं, आणि त्यांना माणसांनी. पण राखेसमोर उभी राहिले आणि ते फाटक आलं, ती मडक्यांची ओळ आली. आमच्यातली एक म्हातारी बाई पुढे झाली. पाठीला बाक आलेली, डोक्याला निळा रुमाल. तिने कोटाच्या खिशातून एक गुळगुळीत खडा काढला, तिथल्या दगडाच्या कडेवर ठेवला आणि बराच वेळ त्यावर बोट ठेवून उभी राहिली. आम्ही फुलं वाहतो, तसं ते असावं.

दुपारी गाईडने थोडी मोकळीक दिली. मी फाटकाबाहेर आले. झाडाखालच्या बाकाशी कागदावर घास मांडला, यांचं नाव घेतलं, आणि आजूबाजूला कुणी नाही असं बघून "का, का" अशी हळूच हाक मारली. लांब हिरवळीवर चार कावळे होते. चांगले धष्टपुष्ट. एकाने मान तिरकी करून पाहिलं आणि पुन्हा गवतात चोच घातली. मला रडूच फुटलं. परमुलखात, परक्यांच्या दारात, पुन्हा तेच! मी मोठ्याने मराठीत म्हणाले, "महाराज, आता किती परीक्षा घ्याल?"

तेवढ्यात ती निळ्या रुमालाची म्हातारी फाटकातून येताना दिसली. चाल वेडीवाकडी, हात हवेत काहीतरी चाचपडत. मी धावले, धरून बाकावर बसवलं. कपाळाला गार घाम, ओठ पांढरे. "शुगर, शुगर," एवढंच म्हणाली. यांनाही मधुमेह होता, ती कळा मी ओळखते. पाण्याच्या बाटलीखेरीज माझ्या पर्समध्ये काही नव्हतं, मी स्वतः कावळा शिवल्यावर जेवणार होते ना! गाईड आत, दुकान पार त्या टोकाला. बाकावर फक्त तो घास.

एक क्षण हात अडला, खोटं कशाला बोलू. पितरांच्या नावाने काढलेला तो. मग मी तो उचलला आणि तिच्या ओठांशी नेला. तशाही अवस्थेत तिने विचारलं, "यात मांस नाही ना?" सर्वपित्रीच्या घासात मांस! रडतारडता मला हसू आलं. "नाही हो आजी, दही आणि भात," मी मराठीतच म्हणाले, आणि तिला ते कळलं. लहान मुलासारखा घास घास करून तिने सगळा खाल्ला, कागदाला चिकटलेली शितंसुद्धा वेचली. हळूहळू तिच्या गालांवर रंग आला. मान वर केली तर सूर्य बरोबर माध्यान्हीला आला होता, धुकं कधी विरलं मला कळलंच नव्हतं.

मोडक्यातोडक्या इंग्रजीत आम्ही बोललो. तिचे वडील इथे आणले गेले तेव्हा ती आईच्या पोटात होती. पुढे कुठे नेलं, कधी गेले, कुणी कळवलं नाही. मी म्हटलं, ज्यांची तिथी ठाऊक नसते त्यांच्यासाठी आमच्यात एक दिवस असतो, तो आजच आहे. "आमच्या ज्यूंमध्येही असा एक दिवस आहे," ती म्हणाली. मग मी तो प्रश्न विचारला जो मी भटजींना, रुक्माबाईंना, महाराजांना विचारून थकले होते. "पण ती राख तुमच्या वडिलांची आहे, हे तुम्हाला कसं कळलं?"

"नाही कळलं," ती शांतपणे म्हणाली. "कदाचित नसेलही. पण इथे जे आहेत त्यांच्यापाशी कुणीतरी यायला हवं ना? मी यांच्यापाशी आले. माझे वडील जिथे असतील, तिथे दुसऱ्या कुणाची मुलगी गेली असेल."

आत काहीतरी सुटलं, इतकंच मला सांगता येतं. ते पहिलं मडकं कुणीतरी नेलंच होतं की! कुण्या बाईने आपला म्हणून छातीशी धरलं असेल, आपला म्हणून समुद्रात सोडलं असेल, डोळे पुसत घरी गेली असेल. माझा माणूस ताटकळत नव्हता. ताटकळत होता तो माझ्या बाल्कनीतला, कुंड्यांच्या मागचा, जो कोणी असेल तो. आणि समजा ते हेच असले, तर मीच त्यांना ताटकळत ठेवलं, मग काय बोलू? मी म्हातारीचे पाय शिवायला वाकले, तर तिने मला मिठीत घेतलं. तिचं नाव विचारायचं राहूनच गेलं. गाडीत ती पुढे बसली, शहराच्या गर्दीत उतरली, आणि तो निळा रुमाल दिसेनासा झाला.

परत आल्यावर मी रुक्माबाईंना घेऊन बेसंटनगरच्या समुद्रावर गेले. सकाळची वेळ, पाणी चांदीसारखं. लाल फडकं सोडलं. यांचं नाव घेतलं, मग म्हणाले, "आणि तुम्ही दुसरे कोणी असाल, तर तुम्हीसुद्धा माझेच. उशीर झाला, राग मानू नका." लाटेने हातातून अलगद नेलं. रुक्माबाई गुडघाभर पाण्यात उभ्या राहून, बोट वर करून एवढंच म्हणाल्या, "त्यास ठाऊक गे, कोण कोणाचा ते."

महाराज, तुम्ही भिक्षेला आलात की नाही, मी विचारणार नाही. म्हातारी होती, भुकेली होती, आणि माझ्याजवळ घास होता, तेवढं मला पुरे. तुम्ही माझ्या पदरात काय घातलंत ते माझं मला ठाऊक. जे मला कळायचं नव्हतं ते तुमच्यावर सोडायचं, एवढं शिकायला मला इतक्या लांब जावं लागलं, कारण मी पडले कोल्हापूरची हट्टी. तुमच्यापुढे आता रोज दिवा लागतो.

समुद्रावरून घरी येऊन आंघोळ केली, भात टाकला, कठड्यावर घास ठेवला. यांच्या नावाचा, आणि मडक्यातले दुसरे कोणी असतील तर त्यांच्याही. मग आत येऊन पान वाढून घेतलं आणि पोटभर जेवले. कावळा आला का, ते मी पाहिलं नाही.