डावीकडे वाहणारं मैदान

"तीन बॉल आले, तिन्ही वेळा डावीकडे! डावीकडे काय तुझं माहेर होतं?"

नवरा सकाळपासून हे एकच वाक्य निरनिराळ्या चालींवर म्हणत होता. दाढी करताना म्हणून झालं, बुटांना पॉलिश करताना म्हणून झालं, आणि आता मटार सोलत बसलेल्या आपल्या आईपुढे हात पसरून तो ते पुन्हा म्हणाला.

"बोला, अजून बोला." मनी शेगडी पुसत होती. जिथे डाग नव्हता तिथेसुद्धा पुसत होती. "तुम्ही दुरुस्त केलेली लिफ्ट मधेच अडकली की आतली माणसं तुमच्या नावानं शंख करतात. तेव्हा मी येते का विचारायला?"

"अडकते, कबूल. पण वरचं बटण दाबलं तर खाली जात नाही."

"अरे, थकलं की होतं असं," सासूबाई शेंग उघडत शांतपणे म्हणाल्या. "एकोणचाळीस म्हणजे काही खेळायचं वय नव्हे. ती नवी पोरगी उभी राहील गोलमध्ये. हिनं बाकावर बसून टाळ्या वाजवाव्यात. त्यालाही माणूस लागतंच."

मनीनं फडकं पिळलं आणि खिडकीच्या दांडीवर वाळत टाकलं.

काचेच्या कारखान्याच्या बायकांच्या हँडबॉल संघाची ती सोळा वर्षं गोलकीपर होती. मनी हे नाव तिथलंच. पहिल्याच सामन्यात ती चारी पाय ताणल्यासारखी हवेत गेली, तेव्हा मैदानाबाहेरून कुणीतरी ओरडलं, "मांजर आहे का बाई!" तेव्हापासून खरं नाव फक्त पगाराच्या कागदावर उरलं. काल शनिवारी सामना बरोबरीत सुटला आणि निकाल पेनल्टीवर आला. मनी नुकतीच कारखान्यातली पाळी संपवून धापा टाकत पोचली होती. कोचबाईंनी नव्या पोरीला बाहेर काढून हिला उभं केलं. तीन फेकी आल्या, मनी तीनदा डावीकडे झेपावली, आणि तिन्ही बॉल उजवीकडून जाळीत गेले. कोचबाई ओरडल्या नाहीत, तेच जास्त लागलं. "पुढच्या शनिवारी तुझी चाचणी घेते," एवढंच म्हणाल्या. "नाही जमली तर गोल त्या पोरीचा."

गंमत अशी की मनी वेगवान कधीच नव्हती. बस पकडायला धावली तर ड्रायव्हर आरशात बघून हसायचा आणि निघायचा. कोचबाईंच्या घड्याळात तिचं धावणं संघात सर्वांत शेवटी. पण तीन मीटरच्या त्या चौकटीत धावायचं नसतंच. तिथे एक पाऊल लागतं, अर्धं पाऊल, आणि ते टाकायच्या आधी ते कुठे टाकायचं हे अंगाला कळावं लागतं. समोरची बाई हात मागे नेई, तिचं मनगट किंचित वळे, आणि मग मनीच्या आत काहीतरी विलक्षण सावकाश होई. बॉल पाण्यातून आल्यासारखा यायचा. त्याच्यावरची शिवण फिरताना दिसायची. मैदानावरचा गलका दूर कुठेतरी, दुसऱ्याच घरात चालल्यासारखा वाटायचा. लोक म्हणत, काय झेप घेतली! मनीला वाटे, झेप कसली, आपण तर निवांत चालत गेलो आणि हात लावला.

काल बॉल तसाच सावकाश आला होता. फक्त तो जिथे दिसला, तिथे नव्हता.

जेवणं झाल्यावर लेक बॉल घेऊन उभी राहिली. कॉलेजात जाणारी, वडिलांसारखी फटकळ. "चल मागच्या गल्लीत. बघू तरी किती म्हातारी झालीस."

भिंतीवर खडूनं चौकट आखली. लेकीनं वीस वेळा बॉल मारला. जवळून मारला, खाली मारला, नजर एकीकडे ठेवून दुसरीकडे मारला. मनीनं सतरा अडवले. अठरावाही अडवला असता, पण शेजारणीची सायकल मधे आली.

"मग काल काय झालं?" लेकीनं विचारलं.

मनी पायरीवर बसली. "काल मैदान वाहत होतं," ती म्हणाली.

"काय?"

मनीनं हे घरात कधी सांगितलंच नव्हतं, कारण त्यात सांगण्यासारखं काही आहे असं तिला वाटलं नव्हतं. कारखान्यात ती तपासणीच्या खुर्चीवर होती. समोर पांढरा उजेड, आणि त्याच्या पुढून बेल्टवर बाटल्या डावीकडून उजवीकडे जात राहायच्या. एकामागे एक, खांद्याला खांदा लावून, अर्ध्या उजेडाच्या झालेल्या. चिरलेली दिसली की उचलायची, बुडबुड्याची दिसली की उचलायची. तासाभरानं बाटल्या दिसेनाशा होत. दिसायची ती एक हिरवट नदी, आणि तिच्यात मधेच केसासारखी एखादी चीर. मनीचा हात त्या केसाकडे आपोआप जायचा. पाळी संपवून उठलं की मात्र स्थिर जग उलटं वाहू लागे. भिंत, नळ, मुकादमाचा चेहरा, सगळं हळूहळू डावीकडे सरकत राही आणि तरी जागच्या जागी असे. बेल्टवरच्या सगळ्याच बायकांचं असं होई. त्या याला 'वाहतंय' म्हणत. उठल्यावर कॅंटीनच्या टेबलावर दोन्ही तळवे टेकून बसायचं, चहा संपेपर्यंत जग थांबतं. वाहत असताना कुणी जिना उतरत नसे.

"आणि तू सरळ गोलमध्ये गेलीस."

"चहाला वेळच कुठे होता?"

लेकीचा विश्वास बसेना. सोमवारी ती पाळी सुटायच्या वेळी कारखान्याच्या फाटकाशी हजर. मनी बाहेर आली तशी तिला कुंपणाच्या भिंतीशी उभी करून लेकीनं सहा बॉल मारले. मनी सहाही वेळा डावीकडे गेली. पहारेकरी बघत होता, तो हसायचंही विसरला. मग दोघी समोरच्या बाकावर बसल्या, चहा झाला, लेकीच्या मैत्रिणीच्या लग्नाच्या गोष्टी झाल्या. अर्ध्या तासानं पुन्हा सहा. या वेळी मनीनं पाच अडवले.

त्या संध्याकाळी लेकीनं घरी सगळं सांगितलं. नवऱ्याचा चेहरा खरोखर खुलला. "म्हणजे तू थकलेली नाहीस! डोळ्यांचा खेळ आहे. मी उगाच बोललो बघ." त्यानं तिच्या ताटात स्वतःच्या हातानं वाढलं. मग मऊ आवाजात म्हणाला, "कारण कळलं ना? मग झालं तर. आता सोडून दे खेळ. मानानं सुटलीस."

"तेच बरं," सासूबाई म्हणाल्या. "खुर्ची काही कुणाला सुखासुखी मिळत नाही. आठ वर्षं उभ्यानं राबलीस तू त्या खुर्चीसाठी. मी सगळ्यांना सांगते, आमची सून बसून काम करते."

मंगळवारी मनीनं मुकादमाला विचारून पाहिलं, की सरावासाठी अर्धा तास आधी सोडाल का. सराव रोजच असे, पाळी सुटताक्षणी; ती चहा पिऊन पोचेपर्यंत निम्मा संपलेला असे. मुकादम माणूस वाईट नव्हता. तो म्हणाला, "ताई, एकीला सोडलं तर सगळ्या उठतील. आणि नजर उठली की चिरलेली बाटली गेलीच समजा. तुम्हीच सांगा, काय करू?"

त्याच्या जागी तीही हेच म्हणाली असती. ती खुर्चीवर जाऊन बसली. उजेड लागला, बाटल्या आल्या. दिवसभर ती त्या हिरवट नदीकाठी बसून राहिली. काम चांगलं होतं. ती कामात चांगली होती, अजून वीस वर्षं तशीच चांगली राहिली असती. खुर्चीला वय नव्हतं. गोलमध्ये मात्र फार तर दोन मोसम, गुडघ्यानं साथ दिली तर तीन. दुपारनंतर तिला वाटू लागलं, की बाटल्या जागच्या जागी आहेत आणि आपणच खुर्चीसकट कुठेतरी मागे मागे जातोय, हळूच, कुणाला न कळता. तेवढ्यात केसासारखी चीर दिसली आणि हात आपोआप गेला.

पाळी सुटल्यावर तिनं तळवे टेकले, जग थांबेपर्यंत वाट पाहिली, आणि मग ऑफिसात जाऊन एक कागद मागून घेतला.

घरी नवरा रेडिओची पट्टी बसवत होता, सासूबाई पालेभाजी निवडत होत्या, लेक केस विंचरत होती. मनीनं चपला काढल्या.

"मी खुर्ची सोडली," ती म्हणाली. "सोमवारपासून पॅकिंगला जाते. उभ्याचं काम आहे, खोक्यांना टेप लावायची, तिथे काही वाहत नाही. अर्ज दिलाय, साहेबांची सही झाली. या शनिवारी चाचणी आहे, मी आधी चहा पिऊन जाईन. आणि रोज सराव संपवून मला यायला सात वाजतील, तेव्हा संध्याकाळचा स्वयंपाक तुम्ही तिघांनी मिळून करायचा."