विहीणबाईंचं अपील

नारिन नदीकाठच्या त्या गावात सगळ्यांना ठाऊक होतं की उरकुया आपाला मधल्या माणसाशी बोलणं जमत नाही. नवी सून असताना नवऱ्याचं गाऱ्हाणं तिने थेट आजेसासऱ्याला सांगितलं होतं. दात दुखला तरी तिला मोठा डॉक्टरच लागे. त्यामुळे अंगणातला तंदूर रस्त्यावर धूर सोडतो, महिन्याभरात पाडा, अशी गावकचेरीची नोटीस आली, तेव्हा ती डोक्याला रुमाल बांधून थेट कोर्टात गेली.

तो तंदूर तिच्या नवऱ्याने, शार्शेनने, मातीत बकरीचे केस तुडवून स्वतः बांधलेला. त्याला जाऊन नऊ वर्षं झाली होती. दर शुक्रवारी त्याच्या नावाच्या सात रोट्या तिथेच भाजून ती वाटायची. दुसऱ्या कुठल्या चुलीवरच्या रोट्या त्याला पोचतील, याची तिला खात्री नव्हती.

न्यायाधीश बाई तिच्या लेकीच्या वयाच्या. त्यांनी शांतपणे सांगितलं की कचेरीच्या हुकमावर आधी जिल्ह्याच्या साहेबाकडे अपील करायचं. तिथे नकार मिळाला तर कोर्ट ऐकेल.

“तो साहेब माझा व्याही आहे, बाळा,” आपा म्हणाली. “लेक दिलेल्या घरापुढे हात पसरू?”

“कायद्यात व्याह्यासाठी वेगळी वाट नाही, आपा.”

आता पंचाईत अशी, की व्याह्याकडे रिकाम्या हाताने जाता येत नाही आणि साहेबाकडे भरल्या हाताने. आपाने शुक्रवार गाठला. गेलेल्या माणसाच्या नावाच्या रोटीला लाच कोण म्हणणार?

तिला पाहताच जुमादिल साहेब उठून उभा राहिला. विहिणीला दाराजवळच्या बाकावर कसं बसवायचं? तिला आपल्या खुर्चीत बसवून तो स्वतः त्या बाकावर टेकला. रोटीचा तुकडा खाल्ला, शार्शेनसाठी दुआ मागून तोंडावरून हात फिरवले, मग अर्ज वाचला आणि त्याला घाम फुटला.

“विहीणबाई, हो लिहिलं तर लोक म्हणतील, घरचंच माणूस. नाही लिहिलं तर सुनेला तोंड कसं दाखवू?”

“नाहीच लिहा,” आपा त्याच्या खुर्चीतून म्हणाली. “शिक्का तेवढा ठळक मारा, व्याहीबुवा. मला पुढे जायचंय.”

नकाराचा कागद छातीशी धरून हसत निघालेली बाई तिथल्या शिपायाने पहिल्यांदाच पाहिली.

कोर्टाने या खेपेस ऐकून घेतलं. धूर बघायला कोण गेलं होतं, असं गावकचेरीला विचारलं. कुणीच गेलं नव्हतं. हुकूम रद्द झाला.

पुढच्या शुक्रवारी आपा अगदी क्रमाने निघाली. पहिली रोटी नोटीस लिहिणाऱ्या कारकुनाला, दुसरी व्याह्याला. तिसरी कोर्टाच्या दारातून परत आली. न्यायाधीश बाई कुणाचं काही घेत नाहीत. मग आपाने ती तिथेच पायरीवर बसून खाल्ली, आणि खाता खाता शार्शेनला झालं ते सगळं सांगितलं.