रिकाम्या बॅगेचं वजन

आखातात, अल मजाजच्या आमच्या टॉवरमध्ये, आमच्याच मजल्यावर एक इटालियन नट राहायचा. डॉक्युमेंटरी आणि कमी पैशांतले स्वतंत्र सिनेमे, एवढंच तो करायचा. "डॉक्युमेंटरीत मी नुसता असतो, सिनेमात खोटं बोलतो," असं छाती काढून सांगायचा. अरबीत 'यल्ला', म्हणजे 'चला', म्हटल्याशिवाय लिफ्टचं बटण दाबायचा नाही.

मंदीच्या वर्षी त्याला नोकरी जाऊन मायदेशी परतणाऱ्या माणसाची भूमिका मिळाली. मग काय, रिकामी बॅग घेऊन पॅसेजमध्ये येरझाऱ्या सुरू. खांदा झुकलेला, मान ताणलेली.

"जड वाटतेय?" त्यानं मला विचारलं.

"छे! आमच्याकडे कायमचं परतणारा माणूस बॅगेला दोरी बांधतो. उचलतो तीही दोरीला धरूनच."

त्यानं तेव्हाच दोरी आणली. दुसऱ्या दिवशी ती बॅग खरोखर जड दिसली.

पुढच्याच महिन्यात माझी नोकरी गेली. बायको आणि मुलगी पुण्याला निघाल्या. मुलीला आम्ही सुट्टी म्हणून सांगितलं होतं. मी दोरी बांधलेल्या बॅगेला हात घालणार, तोच हा पुढे झाला. अख्खा संसार कोंबलेली ती बॅग त्यानं एका हातानं उचलली आणि शीळ घालत, मजेत टॅक्सीपर्यंत नेली.

"सो लाइट, बाबा! देन वी आर कमिंग बॅक सून," मुलगी खुशीत म्हणाली.

टॅक्सी वळेपर्यंत तो हसून हात हलवत राहिला. मग मटकन पायरीवर बसला. बॅग उचललेल्या हाताचा तळवा दोरीनं सोलून निघाला होता.

"वन टेक, हबीबी," तो म्हणाला. "खलास."